दारू दुकानाची वेळ आणि वस्तीचा अधिकार

दारूबद्दल आपल्या सभा-संमेलनांतून पुष्कळ बोलले जाते. दारूने संसार कसे धुळीला मिळतात, मुलांची शिक्षणे कशी सुटतात, हे सांगणारी भाषणे आपण सर्वांनीच ऐकली आहेत. ती आवश्यकही आहेत. परंतु एका साध्या प्रश्नाकडे आपले फारसे लक्ष जात नाही. वस्तीच्या तोंडाशी असलेले दुकान किती वाजता उघडते, किती वाजता बंद होते आणि ही वेळ ठरवतो कोण? दारू न पिणे हा ज्याने त्याने पाळावयाचा नियम आहे. दुकान केव्हा बंद व्हावे हा मात्र समाजाने करावयाचा नियम आहे. पहिल्यासाठी मनाचा निर्धार लागतो, दुसऱ्यासाठी कायद्याची माहिती लागते. ती माहिती सोप्या शब्दांत देणे हा या लेखाचा हेतू आहे.

वेळेला एवढे महत्त्व का?

मजुराच्या हातात पगार पडतो तो संध्याकाळी. कारखाना वा बांधकामाची जागा आणि त्याचे घर यांच्या मधल्या रस्त्यावर दुकान उघडे असते. तो पैसा घरी पोहोचेल की गल्ल्यात जाईल, हे पुष्कळदा त्या दोन-तीन तासांत ठरते. सकाळचेही तसेच आहे. कामाच्या नाक्यावर उभे राहण्यापूर्वीच दुकान उघडे मिळाले, तर ज्याला व्यसन जडले आहे त्याचा त्या दिवसाचा रोजगार बुडालाच म्हणून समजावे. रात्रीचा शेवटचा तास तर सर्वांत धोक्याचा असतो. त्या वेळी दुकानात उरतात ते सर्वांत जास्त प्यालेले लोक. रस्ते रिकामे असतात, पोलीस विखुरलेले असतात, दवाखाने बंद असतात आणि घरी बायका-मुले जागी असतात. म्हणून एका तासाचा फरक कागदावर लहान दिसला, तरी वस्तीत तो लहान नसतो.

हा विचार नवा नाही. पहिल्या महायुद्धात ब्रिटनमध्ये दारूगोळ्याच्या कारखान्यांतील कामगार पिऊन कामावर येतात किंवा येतच नाहीत, अशी तक्रार झाली. १९१५ मध्ये तेथे यासाठी मध्यवर्ती नियंत्रण मंडळ स्थापन झाले. त्याने आपल्या अखत्यारीतील भागांत विक्रीची वेळ दिवसाला सुमारे साडेपाच तासांवर आणली आणि दुपारी दुकाने बंद ठेवण्याचा नियम केला. युद्ध संपले, पण दुपारच्या सुट्टीचा नियम टिकला. इंग्लंडमध्ये तो १९८८ साली उठला. युद्धासाठी केलेला नियम सत्तर वर्षांहून अधिक काळ चालला, यावरून वेळेचे बंधन समाजाच्या किती अंगवळणी पडते ते दिसते.

घटना काय म्हणते?

भारतीय घटनेच्या ४७ व्या अनुच्छेदानुसार मादक पेये व आरोग्याला घातक अंमली पदार्थ यांच्या सेवनावर, औषधी उपयोग वगळता, बंदी आणण्याचा प्रयत्न राज्याने करावयाचा आहे. हा अनुच्छेद मार्गदर्शक तत्त्वांमध्ये आहे. नोव्हेंबर १९४८ मध्ये घटना समितीत यावर चर्चा झाली, तेव्हा आदिवासींचे प्रतिनिधी जयपाल सिंग यांनी आदिवासींच्या धार्मिक व सामाजिक जीवनात तांदळाच्या पेयाला स्थान आहे, असे सांगून विरोध केला. त्यावर डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हे मार्गदर्शक तत्त्व असल्याचे आणि त्यावर केव्हा व कशी कृती करावी हे राज्याने ठरवावयाचे असल्याचे स्पष्ट केले. घटनेची दिशा ठरलेली आहे, वाट मात्र राज्यांवर सोपवलेली आहे, असा याचा अर्थ.

सातव्या अनुसूचीप्रमाणे मादक मद्य हा राज्यांचा विषय आहे. म्हणूनच गुजरात व बिहारमध्ये दारूबंदी आहे, गोव्यात मद्य सर्रास विकले जाते आणि महाराष्ट्रात परवान्याची पद्धत आहे. दारूचा धंदा करण्याचा मूलभूत हक्क कोणालाही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने खोडे डिस्टिलरीज खटल्यात १९९४ साली पुन्हा स्पष्ट केले आहे. राज्य परवाना देते, तेव्हा ते अटींसह देते. वेळ ही त्यांपैकी एक अट होय. दुकानदार वेळ मोडतो तेव्हा तो परवान्याची अट मोडतो, हे कार्यकर्त्यांनी पक्के ध्यानात ठेवावे.

महाराष्ट्राचा कायदा

आपल्याकडील मूळ कायदा म्हणजे मुंबई दारूबंदी अधिनियम, १९४९. आता त्याला महाराष्ट्र दारूबंदी अधिनियम म्हणतात. नाव दारूबंदीचे असले तरी आज त्याच कायद्याखाली दारूचे परवाने दिले जातात, याचे अनेकांना नवल वाटते. त्याचे कारण इतिहासात आहे. तेव्हाच्या मुंबई राज्यात १९५० साली संपूर्ण दारूबंदी झाली. १९५१ मध्ये बलसारा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने या कायद्याचा बहुतेक भाग वैध ठरवला. पुढे १९६० साली राज्याचे दोन भाग झाले. गुजरातने तोच कायदा ठेवून बंदी चालू ठेवली. महाराष्ट्राने साठच्या दशकात तोच कायदा ठेवून बंदी सैल केली आणि १९७३ मध्ये देशी दारूचे स्वतंत्र नियम केले. कायदा एक, पण दोन राज्यांत त्याची दोन रूपे झाली.

या कायद्याप्रमाणे मूळ नियम बंदीचा आहे आणि परवाना हा अपवाद आहे. पिणाऱ्यालासुद्धा परवाना लागतो. महाराष्ट्रात दारूसाठी वय २५ वर्षे आणि बिअरसाठी २१ वर्षे पूर्ण असावे लागते. दुकानांचेही प्रकार आहेत. देशी दारूचे दुकान वेगळे, बाटली विकणारे वाईन शॉप वेगळे, बसून पिण्याचे परमिट रूम वेगळे आणि बिअर शॉपी वेगळी. प्रत्येकाचा परवाना निराळा, अटी निराळ्या आणि वेळाही निराळ्या असतात. त्यामुळे "बार उशिरापर्यंत चालू असतो" अशी मोघम तक्रार करण्यापूर्वी ते दुकान कोणत्या प्रकारचे आहे, हे पाहणे आवश्यक आहे.

वेळ कोण ठरवतो?

वेळेवर एकापेक्षा जास्त कार्यालयांचा अधिकार चालतो. राज्य सरकार नियम करते. त्यांची अंमलबजावणी राज्य उत्पादन शुल्क विभाग करतो. जिल्ह्यात जिल्हाधिकारी व या विभागाचे अधीक्षक हे प्रमुख अधिकारी असतात. उपाहारगृहे व करमणुकीची ठिकाणे यांच्यावर पोलिसांचाही अधिकार चालतो. १९५१ च्या पोलीस अधिनियमाच्या कलम ३३ खाली त्यांना यासंबंधी नियम करता येतात. मुंबईत परमिट रूमची अंतिम वेळ रात्री दीडची आहे.

२०१७ च्या दुकाने व आस्थापना अधिनियमाने महाराष्ट्रातील दुकानांना चोवीस तास उघडे राहण्याची मुभा दिली. त्या वेळी दारूची दुकानेही रात्रभर चालणार, असा समज पसरला होता. तो खरा नाही. परमिट रूम, बिअर बार, वाईन शॉप यांना त्या सवलतीतून वगळले गेले. जानेवारी २०२० मध्ये मुंबईतील काही भागांत मॉल व उपाहारगृहे रात्रभर उघडी ठेवण्याची परवानगी मिळाली, तेव्हाही दारू देण्याची वेळ दीडचीच राहिली. ऑक्टोबर २०२५ मध्ये सरकारने चोवीस तासांची मुभा पुन्हा स्पष्ट केली, तीही दारूविक्रीची ठिकाणे वगळूनच. "आता सगळी दुकाने चोवीस तास चालू असतात," असे कोणी दुकानदार सांगू लागला, तर त्याला हा फरक दाखवून द्यावा.

सवलत मात्र दुसऱ्या बाजूनेही मिळते. नाताळ आणि ३१ डिसेंबरच्या रात्री परमिट रूम पहाटे पाचपर्यंत उघडी ठेवण्याची परवानगी सरकारने अलीकडच्या वर्षांत दिली आहे. वेळ ही दगडावरची रेघ नाही, सरकारच्या आदेशाने ती मागे-पुढे होते, हे यातून दिसते. जी वेळ मागणीवरून वाढू शकते, ती मागणीवरून कमीही होऊ शकते.

कोरडे दिवस

ज्या दिवशी दारूविक्री पूर्ण बंद असते, त्याला कोरडा दिवस म्हणतात. २ ऑक्टोबर हा त्यांतील सर्वांना माहीत असलेला दिवस आहे. निवडणुकीच्या काळातील बंदीला तर संसदेच्या कायद्याचा आधार आहे. लोकप्रतिनिधित्व अधिनियम, १९५१ च्या कलम १३५-क नुसार मतदान संपण्याच्या वेळेपूर्वीचे ४८ तास त्या मतदानक्षेत्रात दारू विकता, देता वा वाटता येत नाही. हा नियम मोडणाऱ्यास सहा महिन्यांपर्यंत कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. मतदानाच्या आदल्या रात्री वस्तीत बाटल्या वाटणारा उमेदवार आपल्यावर उपकार करत नसून गुन्हा करत असतो, हे तरुणांना समजावून सांगितले पाहिजे.

याशिवाय दारूबंदी अधिनियमाच्या कलम १४२ खाली सार्वजनिक शांततेसाठी जिल्हाधिकारी लेखी आदेशाने दुकाने बंद ठेवू शकतात. जयंती, मिरवणुका, यात्रा व उत्सव या वेळी हे कलम उपयोगी पडते. मिरवणुकीच्या मार्गावरील दुकाने त्या दिवशी बंद असावीत असे उत्सव समितीला वाटत असेल, तर तिने आधीच लेखी अर्ज द्यावा. आयत्या वेळी आरडाओरडा करून काही साधत नाही.

जगाचा अनुभव

वेळ बदलल्याने खरोखर काही फरक पडतो का? या प्रश्नाचा अभ्यास अनेक देशांत झाला आहे.

ब्राझीलमधील साओ पाउलो शहराला लागून दियादेमा नावाचे कामगारांचे शहर आहे. नव्वदच्या दशकाच्या शेवटी ते त्या देशातील सर्वाधिक खुनांच्या शहरांपैकी एक होते. २००२ च्या जुलैपासून तेथे रात्री अकरा ते सकाळी सहा दारूविक्रीला बंदी झाली. २००७ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात या नियमामुळे दरमहा सुमारे नऊ खून कमी झाल्याचा अंदाज मांडला गेला. त्याच काळात साओ पाउलो राज्यातही खुनांचे प्रमाण उतरत होते, तेव्हा सारे श्रेय एकट्या या नियमाला देता येणार नाही. तरीही त्याचा वाटा मोठा होता, असे अभ्यासकांचे मत आहे.

ऑस्ट्रेलियातील न्यूकॅसल शहरात २००८ साली चौदा बारची बंद होण्याची वेळ पहाटे पाचवरून प्रथम तीन आणि नंतर साडेतीन अशी करण्यात आली. शेजारच्या ज्या भागात हा बदल झाला नव्हता, त्याच्या तुलनेत रात्रीचे हल्ले ३७ टक्क्यांनी कमी झाल्याचे दिसले. नॉर्वेतील अठरा शहरांच्या अभ्यासात उलट बाजू दिसली. तेथे वेळ एका तासाने वाढली की रात्रीच्या हल्ल्यांत सुमारे १६ टक्क्यांनी वाढ होत होती.

मात्र वेळ कमी करण्यातही शहाणपण लागते. ऑस्ट्रेलियाच्या काही राज्यांनी १९१६ मध्ये आणि न्यूझीलंडने १९१७ मध्ये दारूची दुकाने संध्याकाळी सहालाच बंद करण्याचा नियम केला. कामगार पाचला सुटत आणि सहापर्यंतच्या एका तासात घाईघाईने जितकी पिता येईल तितकी पीत. दुकानांत झुंबड उडे आणि लोक सहा वाजता झोकांड्या खात बाहेर पडत. न्यू साउथ वेल्समध्ये हा नियम १९५५ मध्ये, व्हिक्टोरियात १९६६ मध्ये आणि न्यूझीलंडमध्ये १९६७ मध्ये रद्द झाला. यावरून बोध असा की, केवळ घड्याळाचा काटा मागे सरकवून भागत नाही. लोकांना पगार केव्हा मिळतो, ते कामावरून केव्हा सुटतात, हे पाहून वेळ ठरवावी लागते.

आपल्या देशातही उदाहरण आहे. तमिळनाडूत दारूची किरकोळ विक्री सरकारी महामंडळाकडे आहे. २०१६ च्या मे महिन्यात मुख्यमंत्री जयललिता यांनी दुकाने उघडण्याची वेळ सकाळी दहावरून दुपारी बारा केली आणि पाचशे दुकाने बंद करण्याचा आदेश दिला. बंद होण्याच्या वेळेइतकाच उघडण्याच्या वेळेलाही अर्थ असतो, हे त्या निर्णयातून दिसते.

न्यायालयाचा हस्तक्षेप

सर्वोच्च न्यायालयाने १५ डिसेंबर २०१६ रोजी राष्ट्रीय व राज्य महामार्गांपासून ५०० मीटरच्या आत दारूची दुकाने असू नयेत, असा निकाल दिला. त्यामागे रस्त्यांवरील अपघातांची चिंता होती. ३१ मार्च २०१७ रोजी वीस हजारांपर्यंत लोकसंख्येच्या ठिकाणी हे अंतर २२० मीटर करण्यात आले. त्याच वर्षी जुलैमध्ये हा निकाल महापालिका व नगरपालिकांच्या हद्दीतील परवानाधारकांना लागू नाही, असा खुलासाही झाला. नियम कडक झाला आणि मग सैल झाला. न्यायालयाचा निकाल लागला म्हणजे काम संपले असे नव्हे. पुढे काय होते याच्यावर नजर ठेवावी लागते.

एक नेहमीचा आक्षेप

"दुकान लवकर बंद केले की लोक हातभट्टीकडे जातात," असे दुकानदार म्हणतात. या म्हणण्यात काहीच तथ्य नाही असे नाही. चंद्रपूर जिल्ह्यात १ एप्रिल २०१५ पासून दारूबंदी झाली आणि मे २०२१ मध्ये सरकारने ती उठवली. तेव्हा अवैध विक्री वाढल्याचे कारण देण्यात आले. शेजारच्या गडचिरोलीत मात्र १९९३ पासूनची बंदी टिकून आहे आणि वर्ध्यात ती त्याहूनही आधीपासून आहे.

परंतु दुसरी बाजूही पाहावी. जून २०१५ मध्ये मुंबईत मालवणी येथे विषारी दारूने शंभराहून अधिक माणसे दगावली. मुंबईत तेव्हा दारूबंदी नव्हती. परवान्याची दुकाने उघडी होती, तरी गरीब माणसाने स्वस्त म्हणून विष विकत घेतले. हातभट्टी चालते ती स्वस्ताईवर आणि डोळेझाकीवर. म्हणून दुकानाची वेळ पाळली जावी ही मागणी आणि हातभट्टी बंद व्हावी ही मागणी एकमेकींच्या विरुद्ध नाहीत. दोन्ही एकाच अर्जात करावयास हव्यात.

बाटली आडवी

दुकानाची वेळ पाळली गेली तरी त्रास थांबत नसेल, तर दुकानच बंद करण्याचा मार्ग महाराष्ट्रात उपलब्ध आहे. मार्च २००८ च्या शासन आदेशाने तो घालून दिला. गावातील किंवा शहरातील प्रभागातील किमान २५ टक्के महिला मतदारांनी, अथवा एकूण मतदारांपैकी तितक्यांनी, मागणीचे निवेदन द्यावयाचे. सह्यांची पडताळणी होते आणि मग गुप्त मतदान घेतले जाते. मतपत्रिकेवर दोन चित्रे असतात. उभी बाटली म्हणजे दुकान चालू राहावे आणि आडवी बाटली म्हणजे बंद व्हावे.

यातील खरी मेख हिशेबात आहे. झालेल्या मतदानाचे निम्मे पुरत नाही. यादीतील मतदारांच्या निम्म्याहून अधिक मते आडव्या बाटलीला पडावी लागतात. समजा, महिलांचे मतदान आहे आणि यादीत १,२०० महिला आहेत. ७०० महिलांनी मतदान केले आणि त्यांपैकी ५५० जणींनी आडव्या बाटलीवर शिक्का मारला. म्हणजे मतदान करणाऱ्या दर पाच जणींपैकी जवळजवळ चौघींना दुकान नको आहे. तरीही दुकान चालूच राहते, कारण ६०१ मते हवी होती. जी बाई घरी राहिली, तिचे मत दुकानाच्या खात्यात जमा होते. लग्न होऊन गेलेल्या, मयत झालेल्या किंवा वस्ती सोडून गेलेल्या महिलांची नावे यादीत राहिली, तर तीही दुकानालाच उपयोगी पडतात. म्हणून सह्या गोळा करण्याआधी मतदारयादी दुरुस्त करून घ्यावी. बहुतेक ठिकाणी लढाई जिंकली किंवा हरली जाते ती या यादीवर.

मार्च २०२५ मध्ये राज्य सरकारने विधानसभेत आणखी एक गोष्ट जाहीर केली. गृहनिर्माण संस्थेच्या आवारात नवे बिअर वा दारूचे दुकान सुरू करावयाचे असेल, तर त्या संस्थेचे ना-हरकत प्रमाणपत्र लागेल. इमारतींत राहणाऱ्या आपल्या बांधवांनी संस्थेच्या सभेत असा विषय आला, तर गैरहजर राहू नये.

वस्तीने काय करावे?

पहिली गोष्ट, माहिती मिळवावी. आपल्या भागातील दुकानाचा परवाना कोणत्या प्रकारचा आहे, त्याची ठरलेली वेळ कोणती, हे राज्य उत्पादन शुल्क विभागाच्या जिल्हा कार्यालयात विचारावे. तोंडी उत्तर मिळत नसेल, तर माहिती अधिकार अधिनियम, २००५ खाली दहा रुपये शुल्क भरून अर्ज करावा. तीस दिवसांत उत्तर देणे बंधनकारक आहे.

दुसरी गोष्ट, नोंद ठेवावी. महिला मंडळाने एक वही घालावी. कोणत्या तारखेला दुकान किती वाजता उघडले, किती वाजता बंद झाले, शटर खाली करून मागच्या दाराने विक्री चालली होती का, लहान मुलांच्या हाती बाटली दिली गेली का, हे रोज लिहावे. "नेहमीच उशिरापर्यंत चालू असते" या वाक्यापेक्षा पंधरा दिवसांची तारीखवार नोंद कितीतरी वजनदार ठरते.

तिसरी गोष्ट, तक्रार लेखी द्यावी. ती उत्पादन शुल्क अधीक्षक, जिल्हाधिकारी आणि पोलीस ठाणे या तिन्ही ठिकाणी द्यावी व प्रत्येक प्रतीवर पोच घ्यावी. परवान्याची अट मोडल्यास परवाना निलंबित किंवा रद्द करण्याचा अधिकार कायद्याच्या कलम ५४ ने दिलेला आहे. अर्जात त्याचा उल्लेख करावा. सह्या एकीच्या नसाव्यात, अनेकींच्या असाव्यात, म्हणजे एखादीला एकटे गाठून दमदाटी करणे दुकानदाराला जमत नाही.

चौथी गोष्ट, कायदा हातात घेऊ नये. दुकानाची मोडतोड झाली की गुन्हा आपल्याच मुलांवर दाखल होतो आणि दुकान चार दिवसांत पुन्हा उघडते.

शेवटची गोष्ट सर्वांत अवघड आहे. ज्याला व्यसन लागले आहे त्याला शत्रू समजू नये. व्यसन हा आजार आहे आणि त्यावर उपचार होतात. दुकान तासभर आधी बंद झाले तर त्याला तासभर अधिक शुद्धीत राहण्याची संधी मिळते. त्या वेळात त्याच्याशी बोलणारे, त्याला दवाखान्यात नेणारे कोणीतरी घरात आणि वस्तीत असले पाहिजे. घड्याळाचे काम कायदा करील. माणसाला हात देण्याचे काम आपल्यालाच करावे लागेल, आणि या दोन्ही कामांची सुरुवात आपापल्या गल्लीपासून करता येईल.